गाडीत जन्मलेलं बाळ आणि टेम्प्लेटने भरलेला चार्ट: एका न्यूबॉर्न केसचं कोडिंग

कोडर म्हणजे हॉस्पिटलचे चार्ट वाचून आजार-उपचारांना बिलासाठी कोड लावणारा. न्यूबॉर्न चार्ट आला की तो खूश असतो. झेड३८.०० हा जन्माचा कोड टाका, लस दिली असेल तर झेड२३, मुलगा असेल आणि सरकमसिजन झालं असेल तर तो प्रोसीजर कोड, आणि पुढचा चार्ट उघडा. म्हणूनच हे चार्ट नवीन पोरांना देतात. हा पण तसाच एका ज्युनिअरकडे गेला होता आणि तिने तो माझ्याकडे पाठवला, "मॅम, सोपाच आहे, फक्त एकदा बघून घ्याल का" असं म्हणून. त्या सोप्या चार्टने माझे अकरा दिवस खाल्ले. अमेरिकेतल्या एका हॉस्पिटलचा इनपेशंट चार्ट, कोडिंग आयसीडी-१०-सीएमचं, म्हणजे अमेरिकेत वापरतात त्या आजारांच्या कोडच्या यादीचं. बाळाची ओळख पटेल असे तपशील मी बदललेत, कोडिंगचा गुंता मात्र जसाच्या तसा ठेवलाय.

सॉफ्टवेअरने एकच कोड सुचवला होता, झेड३८.००, म्हणजे एकटं बाळ, हॉस्पिटलमध्ये, व्हजायनल डिलिव्हरी. ग्रुपर, म्हणजे कोडवरून केसचा पैशाचा गट (डीआरजी) ठरवणारा प्रोग्राम, म्हणाला एमएस-डीआरजी ७९५, नॉर्मल न्यूबॉर्न. इथवर सगळं गोड. पण स्टे चार दिवसांचा, आणि औषधांच्या चार्टमध्ये अँपिसिलिन आणि जेंटामायसिन. नॉर्मल बाळाला कोणी सहज म्हणून शिरेतून दोन अँटिबायोटिक देत नाही. तिथेच मी खुर्ची पुढे ओढली.

आधी जन्माचं ठिकाण बघितलं, कारण पहिला कोड त्यावरच ठरतो. फेस शीटवर, म्हणजे चार्टच्या पहिल्या पानावर, अॅडमिशनचा प्रकार ४, म्हणजे न्यूबॉर्न, आणि पॉइंट ऑफ ओरिजिन ५, म्हणजे याच हॉस्पिटलमध्ये जन्म. जन्माची वेळ पहाटे ४:५२, अॅडमिशनची वेळ पण ४:५२. हॉस्पिटलमध्ये जन्मलेल्या बाळाच्या बाबतीत या दोन वेळा सारख्या असतात, त्यामुळे कोणाला शंका येत नाही. पेडियाट्रिशियनच्या एच अँड पीमध्ये, म्हणजे भरतीच्या वेळच्या तपासणीच्या नोंदीत, "एनएसव्हीडी" (नॉर्मल व्हजायनल डिलिव्हरी) लिहिलेलं, आणि सॉफ्टवेअरने तेवढंच उचलून झेड३८.०० केलेलं. पण डिलिव्हरी कोणी केली त्याचं नाव कुठेच नाही, लेबर रूमची एकही नोंद नाही, आणि अपगारचे, म्हणजे जन्मल्याजन्मल्या बाळाला देतात त्या गुणांचे, दोन्ही रकाने, एक मिनिट आणि पाच मिनिटं, कोरे. अपगार हे खरं तर आडनाव आहे, डॉ. व्हर्जिनिया अपगार या भूलतज्ज्ञ बाईंनी १९५२ मध्ये ही पद्धत काढली, आणि तेव्हापासून लेबर रूममध्ये बाळ जन्मून मिनिट होताच कोणीतरी तो आकडा मोजत असतं. तो आकडाच नाही म्हणजे मोजायला कोणी नव्हतं. मला खटकलं ते हे.

मग सगळ्यात शेवटच्या टॅबमध्ये गेले, जिथे कुठेच न बसणारे स्कॅन केलेले कागद टाकतात, तिथे अँब्युलन्सवाल्यांची रन शीट सापडली, तिरकी स्कॅन झालेली आणि खालची ओळ कापलेली. ते पोचले ४:२२ ला. बाळ आधीच आईवडिलांच्या गाडीत, मागच्या सीटवर, रस्त्याच्या कडेला जन्मलेलं, वडिलांच्या म्हणण्यानुसार ४:१० च्या सुमारास, टॉवेलात गुंडाळलेलं. नाळ क्रूने क्लँप केली आणि कापली. हॉस्पिटलमध्ये पोचायची वेळ ४:४९. म्हणजे फेस शीटवरची ४:५२ ही जन्माची वेळ नव्हतीच, ती रजिस्ट्रेशनच्या बाईंनी एंटर दाबल्याची वेळ होती! नर्सच्या अॅडमिशन नोटमध्ये पण एक ओळ होती, "गाडीत जन्म, अँब्युलन्सने आणलं". डॉक्टरांच्या नोटमध्ये यातलं काही नाही, कारण टेम्प्लेटमध्ये "एनएसव्हीडी" आधीच टिक केलेलं असतं. चूक पण नाही म्हणा, डिलिव्हरी नॉर्मल आणि व्हजायनलच झाली, फक्त इथे झाली नाही.

ज्युनिअर म्हणाली, "मग झेड३८.२ टाकू का, अनस्पेसिफाइड प्लेस?" नाही. झेड३८.२ हा जागा खरंच कुठेच कळत नाही तेव्हाचा कोड आहे, कोडर शेवटच्या टॅबपर्यंत गेला नाही तेव्हाचा नाही. बाहेर जन्मलेल्या एकट्या बाळाचा कोड झेड३८.१, आणि त्यात व्हजायनल की सिझेरियन असा फाटा नाही, रस्त्याच्या कडेला सिझेरियन कोण करणार! तिचा पुढचा प्रश्न मात्र चांगला होता. "पण मॅम, बाळ बाहेरून आलंय, आणि ट्रान्सफर होऊन आलेल्या बाळाला रिसीव्हिंग हॉस्पिटलने झेड३८ लावायचा नसतो ना?" बरोबर, झेड३८ आयुष्यात एकदाच लागतो, जन्माच्या एपिसोडला, आणि दुसऱ्या हॉस्पिटलमधून आलेल्या बाळाला आपण तो लावत नाही. पण हे बाळ हॉस्पिटलमधून नाही, गाडीतून आलंय. याच्या आधी कुठलंच हॉस्पिटल नाही, मग जन्माचा एपिसोड हाच. झेड३८.१ आणि तोच प्रिन्सिपल डायग्नोसिस, म्हणजे पहिला, मुख्य कोड.

तरी अँब्युलन्सच्या कागदावर आणि नर्सच्या एका ओळीवर मी प्रिन्सिपल डायग्नोसिस फायनल करत नाही. ट्रीटिंग डॉक्टरांनी लिहायला हवं, म्हणून ती पहिली क्वेरी, म्हणजे डॉक्टरांना लेखी प्रश्न. रजिस्ट्रेशनला वेगळा मेल टाकला की पॉइंट ऑफ ओरिजिन ५ चं ६ करा, बाहेर जन्म, आणि जन्माची वेळ पण बघा. आईचा चार्ट दुसऱ्या कोडरकडे होता, तिला नुसतं पिंग केलं की बाई, डिलिव्हरीचा प्रोसीजर कोड लावायच्या आधी बघ, बाळ बाहेर झालंय, इथे फक्त वार पडली. तिने आधीच लावलेला होता.

आता वजन. पाच वाजून वीस मिनिटांनी नर्सरीत पहिल्यांदा वजन केलं, नर्सच्या फ्लोशीटमध्ये २३५० ग्रॅम. एच अँड पीमध्ये ५ पाउंड ३ औंस. डिस्चार्ज समरीमध्ये २५३० ग्रॅम. बघितलं का काय झालंय? तीन आणि पाचने जागा बदलल्या. आणि नेमकी ही अदलाबदल २५०० ची रेघ ओलांडून जाते. २३५० असेल तर पी०७.१८, म्हणजे २००० ते २४९९ ग्रॅमचं लो बर्थ वेट. २५३० असेल तर लो बर्थ वेटचा कोडच नाही. शिवाय वजन फक्त डायग्नोसिसमध्ये जात नाही, यूबी-०४ क्लेमवर, म्हणजे हॉस्पिटलच्या बिलाच्या फॉर्मवर, व्हॅल्यू कोड ५४ मध्ये ग्रॅममध्ये जातं, आणि पैसे देणारी विमा कंपनी एपीआर-डीआरजी ही दुसरी गटपद्धत वापरत असेल तर नवजात बाळाचं ग्रुपिंगच वजनावर बेतलेलं असतं. एक टायपो आणि बाळ दुसऱ्याच खान्यात.

पाउंड-औंसचा हिशोब केला, ५ पाउंड ३ औंस म्हणजे साधारण २३५३ ग्रॅम. मग औषधांचा चार्ट उघडला, कारण नवजात बाळाचा डोस वजनावर काढतात आणि फार्मसी वजन चुकवत नाही. अँपिसिलिन किलोला १०० मिलिग्रॅमने २३५ मिलिग्रॅम. जेंटामायसिन किलोला ४ ने ९.४ मिलिग्रॅम. दोन्ही २.३५ वरच येतात. आता माझ्या मनात काही शंका उरली नव्हती, पण माझ्या मनाला चार्टमध्ये जागा नाही. अटेंडिंगच्या, म्हणजे बाळाच्या मुख्य डॉक्टरांच्या, फायनल समरीत २५३० आहे आणि बाकी ठिकाणी २३५०, हा विरोधाभास आहे आणि तो अटेंडिंगनेच सोडवायचा. क्वेरीत मी फक्त चारही आकडे तारीख-वेळेसकट मांडले, "जन्माचं वजन कृपया स्पष्ट करावं" एवढंच. तुमचा आकडा चुकलाय असं लिहायचा मोह खूप होतो, पण ती लीडिंग क्वेरी होते, म्हणजे उत्तर तोंडात घालणारी, अहिमा आणि एसीडीआयएस या आमच्या व्यवसायातल्या संस्थांच्या २०२२ च्या क्वेरी प्रॅक्टिसमध्ये हेच ठणकावून सांगितलंय.

किती आठवड्यांचं बाळ, हा तिसरा घोळ. आईने गरोदरपणात एकदाही तपासणी केलेली नव्हती, शेवटच्या पाळीची तारीख माहीत नाही. एच अँड पीमध्ये डॉक्टरांनी स्वतः टाइप केलेली ओळ, "लेट प्रीटर्म, बॅलार्डनुसार ३५ आठवडे". लेट प्रीटर्म म्हणजे दिवस भरायच्या थोडं आधी जन्मलेलं, आणि बॅलार्ड म्हणजे बाळाच्या त्वचेवरून, तळपायाच्या रेघांवरून, कानाच्या कूर्चेवरून, हातपाय कसे वळतात यावरून वय काढायची पद्धत, तारखाच नसतात तेव्हा तोच आधार. आणि चार दिवसांनी डिस्चार्ज समरीची पहिली ओळ काय, तर "टर्म फीमेल न्यूबॉर्न", म्हणजे पूर्ण दिवसांची मुलगी. टेम्प्लेट! मला विचाराल तर रिकामी जागा परवडली, टेम्प्लेटने भरलेली जागा नको, कारण रिकामी जागा निदान ओरडून सांगते की मी रिकामी आहे.

इथे गाइडलाइन सरळ आहे. प्रीमॅच्युरिटी डॉक्टरने लिहिली असेल तरच कोड करायची, बॅलार्डचा आकडा बघून आपण नाही ठरवायची. वजन आणि आठवडे दोन्ही असतील तर पी०७ चे दोन कोड, आधी वजनाचा, मग आठवड्यांचा. ३५ आठवडे म्हणजे पी०७.३८. नुसतं "प्रीटर्म" असतं आणि आठवडे नसते तर पी०७.३० वर थांबावं लागलं असतं. आणि कोणी त्यात "स्मॉल फॉर गेस्टेशनल एज", म्हणजे आठवड्यांच्या मानाने लहान, लिहिलं असतं तर अजून वेगळी भानगड, पी०५ चा प्रश्न आला असता. सुदैवाने तसं काही नव्हतं. दुसरी आणि तिसरी क्वेरी वजनाची आणि आठवड्यांची, एकाच फॉर्मवर पाठवली, नाहीतर एका डॉक्टरला पाच फॉर्म गेले की तो एकही उघडत नाही.

आता खरी गोष्ट. डिस्चार्ज समरीच्या फायनल डायग्नोसिसमध्ये दुसऱ्या नंबरला लिहिलं होतं "आर/ओ सेप्सिस". एवढंच. पुढे मागे काही नाही. सेप्सिस म्हणजे अंगभर पसरलेला, जिवावर बेतणारा संसर्ग.

हे दोन अक्षरांचं शॉर्ट फॉर्म किती महागात पडतं बघा. "रूल आउट" म्हणजे अजून तपासतोय, आणि "रूल्ड आउट" म्हणजे तपासलं, नाहीये. लिहिताना दोन्ही आर/ओ. इनपेशंटला अनसर्टन डायग्नोसिसचा नियम असा आहे की डिस्चार्जच्या वेळी प्रॉबेबल, सस्पेक्टेड, स्टिल टू बी रूल्ड आउट असं लिहिलेलं असेल तर ते आहेच असं धरून कोड करायचं. म्हणजे एका वाचनाने बाळाला सेप्सिस, आणि नवजात बाळाला सेप्सिस लिहिलं आणि जन्मजात की बाहेरून लागलेला ते लिहिलं नाही तर डीफॉल्ट जन्मजात, म्हणजे पी३६.९. दुसऱ्या वाचनाने सेप्सिस नव्हताच, म्हणजे झेड०५.१, संसर्गाची शंका आली, बघितलं, निघाला नाही. एक गंभीर आजारी बाळ आणि एक निरोगी बाळ, आणि मधे फक्त एक तिरकी रेघ. सॉफ्टवेअरला मी समरी परत वाचायला लावली तर त्याने बिनदिक्कत पी३६.९ सुचवला.

क्लिनिकली बघितलं तर ब्लड कल्चर ४८ तासांत निगेटिव्ह, अँटिबायोटिक तेव्हाच बंद. सेप्सिस वाटला असता तर बंद केली नसती, हे कोणीही सांगेल, पण कोणीही म्हणजे कोडर नाही. आणि झेड०५ ला पण एक अट आहे जी लोक विसरतात. बाळाला लक्षणं असतील आणि त्यासाठी तपासलं असेल तर झेड०५ नाही, तेव्हा लक्षणाचाच कोड. झेड०५ हा लक्षणं नसताना, फक्त शंकेमुळे किंवा आईकडच्या रिस्कमुळे तपासलेल्या बाळासाठी. आणि आपल्या बाळाचं अॅडमिशनचं तापमान ३६.१ सेल्सिअस, वॉर्मरखाली ठेवलेलं. हे संसर्गाचं लक्षण की पहाटेच्या थंडीत टॉवेलात गुंडाळून अर्धा तास गेला त्याचा परिणाम? कोणी लिहिलंच नव्हतं. म्हणजे सेप्सिसचं उत्तर तापमानाच्या उत्तराला बांधलेलं. क्वेरीत सगळं मांडलं: अँटिबायोटिक कधी सुरू, कधी बंद, कल्चर, तापमान, वॉर्मर, आणि पर्याय दिले. सेप्सिस रूल्ड आउट, सेप्सिस सस्पेक्टेड आणि उपचार केले, इतर, सांगता येत नाही. शिवाय अँटिबायोटिक कशामुळे सुरू केली आणि तापमान कशामुळे कमी होतं हे दोन उघडे प्रश्न.

चौथ्या दिवशी उत्तर आलं. "अॅग्री."

चार पर्यायांच्या प्रश्नाला अॅग्री! मी स्क्रीनकडे बघतच राहिले. टीम लीड रोज विचारायची, "अगं तो बेबी चार्ट अजून होल्डवर का, डीएनएफबीच्या, म्हणजे बिल अडकलेल्या चार्टच्या, लिस्टमध्ये लाल दिसतोय", आणि एकदा म्हणाली की पी३६.९ टाकून सोड, डॉक्टरनेच सेप्सिस लिहिलंय ना. लिहिलंय, पण काय लिहिलंय तेच तर कळत नाहीये. मी डीआरजी शेवटी बघते, ही माझी सवय आहे आणि त्यावरून मला बोलणी पण बसलीत, पण इथे आधी पैसे बघितले असते तर हात आपोआप पी३६.९ कडे गेला असता, आणि पुढे ऑडिटरने निगेटिव्ह कल्चर दाखवून विचारलं असतं तर माझ्याकडे एक "अॅग्री" होतं फक्त. प्रकरण फिजिशियन अॅडव्हायझरकडे, म्हणजे अशा वेळी मधे पडणाऱ्या हॉस्पिटलच्या डॉक्टरांकडे, एस्कलेट केलं. त्यांनी फोन केला असावा, कारण दुसऱ्याच दिवशी डिस्चार्ज समरीला अॅडेंडम, म्हणजे पुरवणी नोंद, आलं, तारीख-वेळेसकट, आणि काय सुंदर अॅडेंडम! बाळ गाडीत, हॉस्पिटलबाहेर जन्मलं. वजन २३५० ग्रॅम. लेट प्रीटर्म, ३५ आठवडे, वरती "टर्म" चुकून आलंय. सेप्सिस रूल्ड आउट, अँटिबायोटिक प्रीमॅच्युरिटी, आईचं जीबीएस (बाळाला संसर्ग करू शकणारे जिवाणू) माहीत नसणं आणि अस्वच्छ जागी जन्म यामुळे सुरू केली, बाळाला संसर्गाचं कुठलंही लक्षण नव्हतं. माइल्ड हायपोथर्मिया, जन्माच्या वेळी उघड्यावर राहिल्यामुळे. म्हणजे झेड०५.१ पक्का, आणि हायपोथर्मियाचा पी८०.८ वेगळा.

त्याच अॅडेंडममध्ये साखरेचं पण उत्तर होतं. टाचेतून काढलेल्या रक्ताची साखर ३६ आली होती, नर्सने प्रोटोकॉलप्रमाणे ग्लुकोज जेल दिलं, पुन्हा तपासली, पुन्हा तपासली, आणि डॉक्टरांच्या एकाही नोटमध्ये त्याचा शब्द नाही. नुसत्या लॅब व्हॅल्यूवरून कोड लागत नाही, डॉक्टरने त्याचं महत्त्व लिहावं लागतं, पण उपचार दिसतायत तर विचारायलाच हवं. त्यांनी "ट्रान्झिटरी निओनेटल हायपोग्लायसेमिया" लिहिलं, पी७०.४. आईला डायबिटीस असल्याचा काही पुरावा नव्हता, त्यामुळे पी७०.० किंवा पी७०.१ चा प्रश्नच आला नाही.

कावीळ मी सोडून दिली. रुटीन बिलिरुबिन, फोटोथेरपी नाही, नोटमध्ये "किंचित पिवळसर" एवढंच. यावर वाद घालणारे भेटतील, घाला.

ज्युनिअरने मधल्या काळात पी००.८२ लावून ठेवला होता, आईचं जीबीएस म्हणून. तो कोड आईला जीबीएस पॉझिटिव्ह असताना बाळाला लावतात. इथे रिपोर्टच नाही, आणि माहीत नाही म्हणजे पॉझिटिव्ह नाही. काढला. तिला जरा वाईट वाटलं, पण मी पण पहिल्या वर्षी असंच करायचे, रिकामी जागा दिसली की त्यात काहीतरी बसवायचं.

फायनल असं गेलं: झेड३८.१ प्रिन्सिपल, मग पी०७.१८, पी०७.३८, पी८०.८, पी७०.४, झेड०५.१, आणि हिपॅटायटिस बीची लस दिली होती म्हणून झेड२३.

सबमिट करायच्या आधी सवयीने फेस शीट पुन्हा उघडली. रजिस्ट्रेशनने जन्माची वेळ ४:१० केली होती, मला "डन" असा मेल पण आला होता, आणि पॉइंट ऑफ ओरिजिन अजूनही ५. म्हणजे डायग्नोसिस म्हणतंय बाहेर जन्मलं आणि क्लेमचा दुसरा रकाना म्हणतोय आमच्याकडेच जन्मलं. मेलच्या भानगडीत न पडता फोन केला, बाईंनी फोनवर असतानाच ६ केला, मी स्क्रीन रिफ्रेश करून बघितला आणि मगच चार्ट सोडला. अपगारचे दोन रकाने तेवढे अजून कोरे आहेत. मधे कोणीतरी सुचवलं होतं की तेही क्वेरीत टाकून भरून घेऊ या, चार्ट पूर्ण दिसेल. नाही टाकले. ४:१० ला त्या गाडीत मोजायला कोणी नव्हतं.